निष्क्रिय खाते

गेल्या जुलैमध्ये लेक, जावई आणि नातू न्यू जर्सीहून तीन आठवड्यांसाठी सांगलीला आले होते. बाहेर पाऊस लागून राहिलेला. नातू तेरा वर्षांचा. या वयाच्या मुलाला आजोबांच्या घरात दिवसभर करण्यासारखे काही नसते आणि आजोबांनाही चौथ्या दिवसानंतर त्याच्याशी काय बोलावे ते सुचेनासे होते. त्यामुळे पाचव्या दिवशी तो आपणहून माझ्या खोलीत आला आणि हातातले खेळाचे यंत्र पुढे धरून म्हणाला, "आबा, आई म्हणते तुम्हाला आवराआवर आवडते. हे जरा लावून द्याल?" तेव्हा मला मनातून फार बरे वाटले.

यंत्र होते निन्टेन्डो स्विच. पोथीच्या आकाराचे, मध्ये पडदा आणि दोन्ही बाजूंना बटणे. त्याच्या पोटातली जागा बत्तीस जीबी, शिवाय वरून घातलेले एक मेमरी कार्ड. दोन्ही भरली होती. नवा खेळ डाउनलोड करायला घेतला की आधी जागा करा, अशी सूचना यायची. मी विचारले, "एकूण खेळ किती?" त्याला सांगता येईना. माझ्यासारख्या माणसाला एवढे पुरे होते. एखाद्या शाखेचा ताबा घेताना पहिल्या दिवशी आम्ही हेच विचारायचो, आणि उत्तर आले नाही की शाखेची तब्येत कळायची. मी कपाटातून एक जुनी वही काढली, पट्टीने रकाने आखले आणि आम्ही मोजायला बसलो. खेळ निघाले एकसष्ट. त्यातले तेवीस त्याने एकदाही उघडलेले नव्हते.

"मग घेतलेस कशाला?"

"सेल होता," तो म्हणाला.

या उत्तरावर मला रागावता आले नाही. ग्रंथप्रदर्शनातून सवलतीत आणलेली आणि अजून पाने न उलटलेली पुस्तके माझ्या पाठीमागच्या कपाटात रांगेने उभी होती. पुस्तके आणायची आणि न वाचता रचून ठेवायची या सवयीला जपानी भाषेत 'त्सुंडोकु' असा स्वतंत्र शब्दच आहे. खेळाचे यंत्रही जपानचे, तेव्हा दोन्ही रोगांचे माहेर एकच म्हणायचे.

या यंत्राच्या घराण्याचा इतिहास मोठा गमतीचा आहे. निन्टेन्डो ही कंपनी १८८९ साली क्योटो शहरात सुरू झाली ती पत्ते बनवण्यासाठी. फुलांची चित्रे असलेले 'हानाफुदा' नावाचे जपानी पत्ते तिथे तयार होत. पुढे याच कंपनीत गुनपेई योकोई नावाचे तंत्रज्ञ आले. आगगाडीत एक कंटाळलेला प्रवासी कॅल्क्युलेटरची बटणे उगीच दाबत बसलेला त्यांना दिसला आणि त्यावरून खिशात मावणाऱ्या खेळाची कल्पना सुचली, असे सांगतात. १९८० साली त्यांचा 'गेम अँड वॉच' आला. त्यात एका यंत्रात एकच खेळ असे. १९८९ मध्ये 'गेम बॉय' आला, त्यात मात्र खेळाची वडी, म्हणजे कार्ट्रिज, बदलता येई. माझ्या दृष्टीने खेळांच्या संग्रहाचा जन्म तिथे झाला. एक खेळ असतो तेव्हा लावण्याचा प्रश्न नसतो. दुसरा आला की फळी लागते.

आमच्या घरात गेम बॉय कधी आला नाही. नव्वदच्या दशकात लेकीसाठी मी आणला होता तो बाजारात मिळणारा 'ब्रिक गेम'. वरून विटा पडायच्या आणि त्या रांगेत बसवायच्या. यंत्रावर '९९९९ खेळ' असे छापलेले असे. खरे खेळ मोजून आठ-दहा, बाकीचे त्यांचेच वेग बदलून केलेले अवतार. तिथे यादीची गरजच नव्हती आणि काही जपून ठेवण्याचीही नव्हती. बॅटरी काढली की सगळे विक्रम पुसले जायचे. लेक रडायची आणि दुसऱ्या दिवशी नव्याने सुरुवात करायची.

असो. सांगत होतो आवराआवरीबद्दल.

स्विचच्या पहिल्या पडद्यावर अलीकडे उघडलेले बाराच खेळ दिसतात. बाकीचे मागच्या खोलीत. तिथे गेल्यावर ते निरनिराळ्या क्रमाने लावता येतात. नावाप्रमाणे, कंपनीप्रमाणे, जास्त वेळ खेळलेला आधी किंवा अलीकडे खेळलेला आधी. २०२२ सालापासून त्यात गट करण्याचीही सोय आली आहे. शंभरपर्यंत गट करता येतात, एकेका गटात दोनशेपर्यंत खेळ ठेवता येतात आणि एकच खेळ दोन-तीन गटांतही चालतो. ही शेवटची सोय पाहून मला ग्रंथालयशास्त्रातले आपले रंगनाथन आठवले. एखादे पुस्तक एकाच कप्प्यात बसत नाही, त्याला अनेक बाजू असतात, हे ओळखून त्यांनी १९३३ साली आपली द्विबिंदू वर्गीकरण पद्धती मांडली. पण पुस्तक शेवटी एका वेळी एकाच फळीवर उभे राहू शकते. इथे ती अडचणच नाही.

आम्ही आधी प्रकारानुसार गट केले. शर्यतीचे, मारामारीचे, कोड्यांचे, गोष्टीचे. वहीत हे फार छान दिसले. पण संध्याकाळी नातू खेळायला बसला तेव्हा त्या गटांचा त्याला काडीचाही उपयोग होईना. तो म्हणाला, "आबा, मी असा विचार करत नाही. मी बघतो की जेवायला किती वेळ आहे."

हे वाक्य मी या घरात पूर्वी ऐकलेले होते, थोड्या वेगळ्या शब्दांत. माझी पत्नी स्वयंपाकघर लावायची ते वस्तूंच्या जातीवरून नव्हे. मिसळणाच्या डब्यात मोहरी, हळद, तिखट, जिरे यांचा एकमेकांशी काही संबंध नसतो. संबंध असतो तो हाताशी. रोज लागते ते त्या डब्यात, आठवड्याने लागते ते समोरच्या फळीवर, आणि चकलीचा सोऱ्या, पुरणयंत्र ही सणाची माणसे माळ्यावर. बँकेच्या शिस्तीने मी एकदा सगळी कडधान्ये एका ओळीत आणि सगळे मसाले दुसऱ्या ओळीत लावून ठेवले होते. तिने काही न बोलता दोन दिवसांत सगळे पूर्ववत केले आणि तिसऱ्या दिवशी म्हणाली, "तुम्हाला यादी करायची असते. मला स्वयंपाक करायचा असतो."

मी वहीतले पान उलटले. नवे गट केले ते असे. जेवणापूर्वीचे, म्हणजे दहा मिनिटांत आटोपणारे. चौघांनी मिळून खेळायचे. मोठे, सुट्टीत हातात घ्यायचे. अर्धवट राहिलेले. आणि न उघडलेले. यातला 'न उघडलेले' हा गट मी मुद्दाम करायला लावला. थकलेल्या कर्जांची यादी टेबलावर समोर असली की शाखाधिकारी नवे कर्ज देताना जरा हात आखडता घेतो, हा अनुभव आहे. नातवाने कबूल केले की आधी त्या तेवीसांपैकी पाच उघडल्याशिवाय सेलकडे पाहायचे नाही. पाळेल की नाही ते माहीत नाही. मीही पुस्तकांच्या बाबतीत पाळत नाही.

आता प्रश्न जागेचा. इथे यंत्र बनवणाऱ्यांनी एक शहाणपणाची गोष्ट केलेली आहे. खेळ नुसता 'माळ्यावर' टाकता येतो. म्हणजे जागा अडवणारा मूळ ऐवज पुसला जातो, पण पडद्यावर त्याची खूण राहते, आणि पुढे केव्हाही तो पुन्हा उतरवून घेता येतो. खेळणाऱ्याने केलेली प्रगती, जिला 'सेव्ह' म्हणतात, ती वेगळी राहते. ती पुसायची तर वेगळ्या ठिकाणी जाऊन मुद्दाम पुसावी लागते. तिजोरीतली रोकड आणि खातेवही वेगळ्या कुलपात असावी, हे तत्त्व मला पटले.

मी फर्मावले, "अलीकडचा आधी, या क्रमाने लाव." आणि आम्ही यादीच्या तळाकडून सुरुवात केली. सगळ्यात शेवटी एक हिरव्या पानाची खूण होती. चार वर्षांत त्याला कुणी हात लावलेला नव्हता. मी पेन्सिलीने फुली मारली. "हे आधी काढ. साठवलेलेही पुसून टाक. नुसते अडवून बसले आहे."

नातवाचा अंगठा बटणावरच थांबला.

"ते नको, आबा."

"का रे? खेळत तर नाहीस."

"त्यात आजी आहे."

क्षणभर मला अर्थबोध झाला नाही. मग झाला.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीला महापूर आला. आयर्विन पुलाजवळ पाणी सत्तावन्न फुटांच्या पुढे गेले, आणि इथे धोक्याची पातळी पंचेचाळीस फुटांची. आमचे तळमजल्याचे घर छातीएवढ्या पाण्यात होते. लग्नापासूनचे फोटो, लेकीची प्रगतिपुस्तके, पत्नीची पाककृतींची आणि रांगोळ्यांची वही या सगळ्याचा लगदा झाला. मी त्याच वर्षी निवृत्त झालो होतो. लेक म्हणाली, काही महिने इकडे या. २०२० च्या जानेवारीत आम्ही न्यू जर्सीला गेलो आणि मार्चमध्ये विमाने बंद झाली. मुलीच्या घरी पाच माणसे अडकून पडली. शाळा बंद, बाहेर भीती. त्याच महिन्यात, २० मार्चला, 'ॲनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स' नावाचा हा खेळ बाजारात आला आणि जगभरच्या कोंडलेल्या घरांत पोचला. आमच्याही.

त्यात लढाई नाही, हरणे-जिंकणे नाही. एक बेट असते. तिथे तंबू ठोकायचा, झाडे लावायची, मासे धरायचे, घर वाढवायचे. शेजारी म्हणून बोलके प्राणी येतात. बेटावरचे घड्याळ आपल्या भिंतीवरच्या घड्याळाबरोबर चालते. इकडे रात्र तर तिकडेही रात्र. एका यंत्रावर एकच बेट, पण त्यावर घरातली आठ माणसे राहू शकतात. आठ वर्षांच्या नातवाने आजीला तंबू दिला. बेटाला नाव काय द्यायचे विचारल्यावर ती म्हणाली होती, "सांगली." त्या दिवसांत तिला सांगली तिथेच तेवढी भेटण्यासारखी होती.

मी तेव्हा या प्रकाराकडे तुच्छतेने पाहत असे. फक्त एका गोष्टीने मला चकित केले. तिथला टॉम नूक नावाचा सावकार घरासाठी पहिले कर्ज देतो अठ्ठ्याण्णव हजार 'बेल्स'चे, आणि त्याला व्याज नाही, मुदत नाही, तारण नाही, थकले तर नोटीस नाही. छत्तीस वर्षांच्या नोकरीत असा सावकार मी पाहिला नव्हता. उलट तिथल्या बँकेने २०२० च्या एप्रिलमध्ये ठेवींवरचा व्याजदर एकदम खाली आणला आणि खातेदारांना तसे पत्र पाठवले. पत्नीने ते मला वाचून दाखवले आणि म्हणाली, "तुमच्यातलाच कुणीतरी तिथे बदलून गेलेला दिसतो."

वंदे भारतच्या विमानाने आम्ही परतलो. २०२१ च्या मे महिन्यात ती गेली. नातवाला शेवटचे भेटता आले नाही.

"मग तू नंतर कधी उघडलेसच नाही?" मी विचारले.

"एकदा हात गेला होता. पण तिथे खूप दिवस नाही गेलं की गवत वाढतं. आजीच्या घरावर गवत बघायचं नव्हतं."

बँकेत दोन वर्षे व्यवहार झाला नाही की बचत खाते निष्क्रिय धरतात. दहा वर्षे कुणी फिरकले नाही तर रक्कम रिझर्व्ह बँकेने २०१४ साली उभारलेल्या ठेवीदार निधीकडे जाते. पण तेव्हाही खातेदाराचा किंवा वारसाचा हक्क जात नाही. कागद घेऊन आला की त्याचे पैसे त्याला द्यावेच लागतात. निष्क्रिय म्हणजे बंद नव्हे, हे मी कितीतरी कारकुनांना समजावून सांगितले असेल. आणि आज स्वतःच्या हाताने त्या ओळीवर फुली मारून मोकळा झालो होतो. खोडरबर घेऊन मी ती पुसली. वहीत अजून तिचा वण दिसतो.

मग आम्ही दोघांनी ते जपून कसे राहील याची चौकशी केली, आणि माझी झोप उडाली. जुन्या गेम बॉयच्या काही वड्यांत शर्टाच्या बटणाएवढी बॅटरी असे. तिच्यावर खेळाडूची सगळी प्रगती जिवंत राही. पंधरा-वीस वर्षांनी ती बॅटरी संपली की सगळे पुसले जाई. स्विचमध्ये ते संकट नाही, पण साठवण यंत्राच्या पोटातच असते. मेमरी कार्डावर तिची नक्कल ठेवता येत नाही. यंत्र पाण्यात पडले, चोरीला गेले, तर संपले. बहुतेक खेळांची नक्कल वार्षिक वर्गणी भरून कंपनीच्या दूरच्या संगणकांवर ठेवता येते. हा खेळ मात्र त्या योजनेत बसत नाही. त्याच्या बेटासाठी २०२० च्या जुलैपासून वेगळी व्यवस्था आहे, तीही आपण मुद्दाम चालू करावी लागते. आमच्या घरी वर्गणी केव्हाच संपली होती आणि ती व्यवस्था कधी चालूच केलेली नव्हती. म्हणजे पाच वर्षे माझ्या पत्नीचे ते घर शाळकरी मुलाच्या दप्तरात, पाण्याच्या बाटलीशेजारी, एका प्रतीवर फिरत होते.

एरवी हा विषय आपण हसण्यावारी नेतो. खेळ तो, गेला तर गेला. पण हा प्रश्न आमच्या घरापुरता नाही. याच कंपनीच्या आधीच्या पिढीतल्या थ्रीडीएस या यंत्राचे ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ रोजी खरेदीसाठी बंद झाले. जे खेळ केवळ त्याच दुकानात मिळत, ते त्या दिवशी बाजारातून उठले. त्याच वर्षी अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने एक पाहणी प्रसिद्ध केली. २०१० पूर्वी तिथे निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज सरळ मार्गाने विकत मिळत नाहीत, असा तिचा निष्कर्ष. आपण 'विकत घेतला' म्हणतो तो डाउनलोडचा खेळ बहुतेक वेळा मालकीचा नसतोच, वापराचा परवाना असतो. आपल्याकडच्या लीव्ह अँड लायसन्सच्या जागेसारखा. कॅलिफोर्निया राज्याने तर २०२५ च्या जानेवारीपासून दुकानदारांनी ग्राहकाला हे स्पष्ट सांगितले पाहिजे, असा कायदा लागू केला. कंपनीचा खेळ पुन्हा मिळेलही. त्यात माणसाने जे घातले ते कुणाच्या दुकानात नसते.

लेकीने रात्रीच वर्गणी भरली. बेटाची नक्कल वर जाईपर्यंत नातू, लेक आणि मी जेवणाच्या टेबलाभोवती बसून होतो. गेली, असे दिसले तेव्हा लेक उठून आत गेली. बराच वेळ बाहेर आली नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही बेट उघडले. गवत होतेच. नदीच्या काठाने, पुलापाशी, दुकानाच्या दाराशी, सगळीकडे. शेजारचे प्राणी इतके दिवस कुठे होतास म्हणून नातवाला विचारत होते. तो मुकाट्याने गवत उपटत पुढे चालला होता आणि मी त्याच्या खांद्यावरून बघत होतो. टेकाडाच्या पायथ्याशी आजीचे घर. बाजूला तिने लाल आणि पांढरे गुलाब शेजारी लावून त्यांच्यापासून तयार केलेले गुलाबी गुलाब. आणि दारापुढे सात-आठ फरश्यांएवढी मोकळी जागा. तिथे एक काडीही उगवलेली नव्हती.

ती रांगोळी होती. ठिपक्यांची. या खेळात बत्तीस बाय बत्तीस घरांच्या चौकोनात आपल्याला हवी ती नक्षी रंगवता येते आणि जमिनीवर अंथरता येते. पुरात गेलेल्या वहीतल्या रांगोळ्या तिने आठवून आठवून, एकेक घर भरत तिथे काढून ठेवल्या होत्या. ती संध्याकाळी तासन्‌तास ते यंत्र घेऊन बसायची ती यासाठी, हे मला पाच वर्षांनी कळले.

"हिच्यावर गवत कसे नाही?" मी विचारले.

"जिथे नक्षी अंथरलेली असते तिथे गवत येत नाही," नातू म्हणाला. "नियमच आहे तसा."

आमची आवराआवर तीन दिवस चालली. एकसष्टांपैकी अठ्ठावीस माळ्यावर गेले आणि जागा झाली. गटांच्या यादीत शेवटी एक गट नातवाने माझ्या सल्ल्याशिवाय केला. त्याला नाव दिले 'आजी'. त्यात एकच खेळ आहे. वर्गीकरणाच्या शास्त्राप्रमाणे एका वस्तूचा गट हा गट नव्हे, पण मी हरकत घेतली नाही.

जाण्याच्या आदल्या दिवशी त्याने माझे छायाचित्र काढून माझ्याही नावाने खाते उघडले आणि म्हणाला, "आबा, तंबू कुठे ठोकू?" मी म्हणालो, "गुलाबांच्या पलीकडे. रांगोळीवर पाय पडायला नको." आता रविवारी सकाळी न्यू जर्सीहून फोन येतो. नातू माझे बेटावरचे काम करतो आणि हिशेब मला सांगतो, मी तो त्याच वहीत लिहून ठेवतो. तंबूचे देणे फेडून मी घर बांधायला घेतले आहे. जन्मभर दुसऱ्यांना कर्जे दिली, आता सहासष्टाव्या वर्षी माझ्या डोक्यावर अठ्ठ्याण्णव हजारांचे कर्ज आहे. सावकाराची घाई नाही. मलाही नाही.